रोजची सहा युनिटं

मुलुंडहून बीकेसीला जाऊन परत येणारी गाडी दिवसाकाठी साधारण ४० किलोमीटर धावते. मध्यम आकाराची इलेक्ट्रिक कार मुंबईच्या रहदारीत, एसी चालू असताना, किलोमीटरला १३० ते १५० वॉट-अवर वीज खाते. मधला आकडा धरला तर दिवसाची गरज ५.६ युनिट (एक युनिट म्हणजे एक किलोवॉट-अवर, हजार वॉट-अवर). चार्जिंग होताना दहा-बारा टक्के वीज उष्णतेत जाते, म्हणजे मीटरवर सव्वासहा युनिटं पडतात. दीड टनाचा इन्व्हर्टर एसी रात्रभर चालला की जवळपास तेवढीच वीज जाते. युनिटला ९ रुपये धरले तर गाडीचा दिवसाचा खर्च ५७ रुपये. हेच अंतर लिटरला १४ किलोमीटर देणाऱ्या पेट्रोल गाडीने कापायचं, तर पेट्रोल १०३ रुपये धरून २९४ रुपये जातात.

हा सहा युनिटांचा हिशेब आधी मांडायचं कारण असं, की देशातला इलेक्ट्रिक वाहन उद्योग आज जिथे वाढला आहे आणि जिथे अडला आहे, ते दोन्ही या हिशेबात दिसतं. ही सहा युनिटं रात्रीत गाडीत कशी भरायची, याचं सोपं उत्तर ज्यांच्याकडे होतं, ती वाहनं खपली. मुंबईतल्या कारवाल्याकडे हे उत्तर बहुधा नसतं. त्याची गाडी स्टिल्टखाली (इमारतीच्या खांबांमधल्या पार्किंगमध्ये), मीटर रूम दुसऱ्या टोकाला, आणि मधे सोसायटीची कमिटी.

आकडे बघा. २०२४-२५ या आर्थिक वर्षात देशात वीस लाखांच्या आसपास इलेक्ट्रिक वाहनांची नोंदणी झाली. त्यात साडेअकरा लाखांच्या आसपास दुचाकी, सात लाखांच्या आसपास तीनचाकी, आणि कार मात्र एक लाखाच्या थोड्याच वर. स्कूटरची बॅटरी अडीच-तीन युनिटांची, ती घरातल्या साध्या पॉइंटवर रात्रीत भरते. काही मॉडेलांची बॅटरी काढून वर घरी नेता येते. दहा-बारा किलोचं ते ओझं चाळीचे तीन जिने चढवणं जड जातं, पण जमतं. तीनचाकीतला मोठा वाटा उत्तर भारतातल्या ई-रिक्षांचा. मुंबईत रिक्षा सीएनजीवर चालते, परमिट आणि पंप दोन्हींची घडी बसलेली आहे, म्हणून इथे तो बदल संथ आहे.

बसचं गणित वेगळं, पण तेही जागेपाशीच सुटतं. बेस्टने २०१७ च्या अखेरीस पहिल्या इलेक्ट्रिक बस आणल्या. फेब्रुवारी २०२३ मध्ये सीएसएमटी ते एनसीपीए या ११५ क्रमांकाच्या मार्गावर एसी इलेक्ट्रिक डबलडेकर धावू लागली. यातल्या बहुतेक बस वेट लीजवर आहेत, म्हणजे बस आणि चालक कंत्राटदाराचे आणि बेस्ट त्याला किलोमीटरप्रमाणे पैसे देते. बस चार्जरला उभी राहिली की किलोमीटर बुडतात, म्हणून चार्जिंग रात्री डेपोत आणि दुपारच्या गर्दी नसलेल्या तासाभरात बसवतात. १२ मीटरच्या एसी बसला किलोमीटरला एक युनिटाहून थोडी जास्त वीज लागते. दिवसाला २०० किलोमीटर म्हणजे सव्वादोनशे युनिटं. पन्नास बसच्या डेपोला रात्रीच्या सहा तासांत अकरा हजार युनिटं, म्हणजे सतत १,८०० किलोवॉटच्या पुढे. यासाठी डेपोत उच्चदाबाची लाइन आणि स्वतःचा ट्रान्सफॉर्मर लागतो. हे काम मोठं असतं, पण जागा एक, मालक एक, अर्ज एक. म्हणून ते होऊन जातं.

तसं पाहिलं तर विजेवर चालणं या शहराला नवं नाही. १९०७ मध्ये इथे विजेची ट्राम सुरू झाली आणि ३ फेब्रुवारी १९२५ ला व्हीटी ते कुर्ला विजेची लोकल धावली. त्या दोन्हींना वीज वाटेतच मिळत होती. साठवून न्यायची वेळ आता आली.

कारखान्याच्या बाजूला काय झालं

सरकारी मदतीचा क्रम थोडक्यात सांगतो, कारण विक्रीचा आलेख त्याच्यामागे हलतो. इलेक्ट्रिक वाहनांना अनुदान देणारी केंद्राची फेम योजना १ एप्रिल २०१५ ला सुरू झाली. दुसरा टप्पा १ एप्रिल २०१९ ला, १०,००० कोटींच्या तरतुदीने. १ ऑगस्ट २०१९ पासून इलेक्ट्रिक वाहनांवरचा जीएसटी १२ वरून ५ टक्क्यांवर आला. जून २०२१ मध्ये दुचाकीचं अनुदान बॅटरीच्या प्रत्येक किलोवॉट-अवरमागे १५,००० रुपये झालं, किमतीच्या ४० टक्क्यांपर्यंत, आणि स्कूटर कंपन्यांनी कारखाने उभारले. जून २०२३ मध्ये तेच १०,००० रुपये आणि १५ टक्क्यांची मर्यादा झालं, लगोलग विक्री खाली आली. १ ऑक्टोबर २०२४ पासून तिच्या जागी पीएम ई-ड्राइव्ह योजना आली, १०,९०० कोटींची, आणि दुचाकीसाठी किलोवॉट-अवरला ५,००० रुपयांपासून सुरुवात करून पुढे निम्म्यावर आणली. खासगी कारला फेमच्या दुसऱ्या टप्प्यातही थेट अनुदान नव्हतं आणि ई-ड्राइव्हमध्येही नाही. कार जी काही वाढली ती कमी जीएसटी, राज्यांनी माफ केलेला कर आणि रोजच्या इंधनात वाचणारे पैसे यांवर. मला ही वाढ जास्त टिकाऊ वाटते.

महाराष्ट्राचं नवं ईव्ही धोरण एप्रिल २०२५ मध्ये मंजूर झालं आणि ते मार्च २०३० पर्यंत आहे. मुंबईकराला त्यातली लगेच जाणवणारी गोष्ट म्हणजे टोल. ऑगस्ट २०२५ मध्ये अटल सेतूवर इलेक्ट्रिक गाड्यांची टोलमाफी सुरू झाली. नवी मुंबईहून रोज दक्षिण मुंबईत येणाऱ्याच्या महिन्याच्या हिशेबात हा मोठा फरक आहे.

गाड्या बनतात त्याही फार दूर नाही. बजाजची चेतक स्कूटर जानेवारी २०२० मध्ये विजेवर परतली ती चाकणमधून. त्याच महिन्यात आलेली नेक्सॉन ईव्ही रांजणगावची. महिंद्राच्या बीई ६ आणि एक्सईव्ही ९ई चाकणच्या. जुलै २०२५ मध्ये टेस्लाने देशातलं पहिलं शोरूम बीकेसीत उघडलं, पण त्या गाड्या आयात होऊन येतात. घाटावरच्या गाड्यांमागे मात्र पुरवठादारांची मोठी साखळी उभी आहे: मोटर, कंट्रोलर, वायरिंग हार्नेस, बॅटरी पॅकचं आवरण आणि कूलिंग प्लेट, बीएमएसचे (बॅटरीवर लक्ष ठेवणाऱ्या यंत्रणेचे) बोर्ड, डीसी-डीसी कन्व्हर्टर.

जे अजून फारसं इथे बनत नाही ते म्हणजे सेल. बॅटरीच्या किमतीत सर्वांत मोठा वाटा सेलचा, आणि ते मुख्यतः चीनमधून येतात. इथे ते जोडून, वेल्ड करून पॅक बनतो. मे २०२१ मध्ये केंद्राने सेलनिर्मितीसाठी १८,१०० कोटींची प्रोत्साहन योजना मंजूर केली, लक्ष्य ५० गिगावॉट-अवरचं. प्रत्यक्ष काम त्या वेळापत्रकाच्या बरंच मागे आहे. त्याची कारणंही समजण्यासारखी आहेत. सेलचा कारखाना म्हणजे अत्यंत कोरडी हवा राखणारी खोली, काही मायक्रॉनच्या अचूकतेने लेप देणारी यंत्रं, आणि ती चालवणारी अनुभवी माणसं. यंत्रंही बाहेरची आणि तंत्रज्ञही बाहेरचे, मग व्हिसा अडला तरी कारखाना अडतो. दुसरी ठेच लोहचुंबकाची. बहुतेक मोटरींच्या रोटरमध्ये निओडिमियमचे चुंबक असतात, उष्णता सोसावी म्हणून त्यात थोडं डिस्प्रोसियम किंवा टर्बियम घालतात. एप्रिल २०२५ मध्ये चीनने मध्यम आणि जड दुर्मीळ मूलद्रव्यांवर आणि त्यांच्या चुंबकांवर निर्यात परवान्याची अट घातली, आणि काही आठवड्यांत इथल्या उत्पादनाचे आराखडे बदलावे लागले. फेराइट चुंबकाची मोटर हा एक पर्याय आहे, पण तेवढीच ताकद द्यायला ती मोठी आणि जड होते.

बॅटरीच्या सुरक्षेचं २०२२ च्या उन्हाळ्यानंतर बरंच मार्गी लागलं. त्या उन्हाळ्यात स्कूटरना आगी लागल्या, मग दुचाकीच्या एआयएस-१५६ मानकात सुधारणा झाल्या आणि त्या डिसेंबर २०२२ व मार्च २०२३ अशा दोन टप्प्यांत लागू झाल्या. सेलमधलं अंतर, एका सेलची आग शेजाऱ्याला लागण्याची चाचणी, पाण्यात बुडवण्याची चाचणी, जास्त तापल्यावर आवाजी इशारा, हे सगळं त्यात आलं. सोसायटीत कुणी जुनी स्कूटर आणत असेल, तर ती या तारखांच्या आधीची की नंतरची हे विचारायला हवं.

आता पार्किंगमध्ये उतरू

सोसायटीच्या सभेत सर्वांत आधी येणारी हरकत अशी: "आज एकाला दिलं, उद्या तीस जण मागतील, बिल्डिंगचा लोड कुठून आणायचा?" सेक्रेटरीची ही काळजी खरी आहे, पण आकडा चुकीचा धरलेला असतो. भिंतीवरचा मोठा चार्जिंग बॉक्स ७.२ किलोवॉटचा, त्याला तिसाने गुणलं की २१६ किलोवॉट येतात, आणि सगळे घाबरतात. तीस गाड्यांना रात्रीत लागतात ३० गुणिले ६.३, म्हणजे १८९ युनिटं. रात्री दहा ते सकाळी सात हे नऊ तास मिळाले तर सरासरी २१ किलोवॉट. थोडी सूट ठेवून २५ किलोवॉटची एक जोडणी पुरते. तीन फेजमध्ये ते फेजमागे ३५ अँपिअरच्या आसपास होतं. म्हणजे दोन-तीन लिफ्टच्या मोटरींएवढं.

हे साधायचं तर गाड्यांनी आळीपाळीने आणि कमी प्रवाहाने वीज घ्यायला हवी, आणि तशी सोय बॉक्समध्ये आधीच आहे. ती कशी चालते ते जवळून बघण्यासारखं आहे.

भिंतीवरच्या बॉक्सला आपण चार्जर म्हणतो, पण खरा चार्जर गाडीच्या आत असतो. लाइनमधल्या एसी विजेचं बॅटरीला लागणारं डीसी तो करतो. बॉक्सचं काम आहे बोलणी करणं आणि स्विच ओढणं. टाइप २ च्या प्लगमध्ये सात पिना असतात: तीन फेज, एक न्यूट्रल, एक अर्थ, आणि दोन बारीक. त्या बारकांपैकी कंट्रोल पायलटच्या पिनेवर बॉक्स १२ व्होल्ट ठेवतो. प्लग गाडीत बसला की गाडीतल्या रेझिस्टरमुळे ते ९ व्होल्टवर उतरतात. बॉक्सला कळतं, गाडी आली. मग तो त्याच तारेवर सेकंदाला हजार वेळा चालू-बंद होणारा चौकोनी सिग्नल सोडतो. सिग्नल किती टक्के वेळ चालू आहे, त्याला ०.६ ने गुणलं की गाडीने जास्तीत जास्त किती अँपिअर घ्यायचे ते निघतं. ५३ टक्के म्हणजे ३२ अँपिअर, २७ टक्के म्हणजे १६, आणि १० टक्के म्हणजे ६, हा किमान आकडा. गाडी तयार झाली की व्होल्टेज ६ वर आणते, बॉक्समध्ये कॉन्टॅक्टर "टक्" करून बसतो, आणि मग कुठे २३० व्होल्ट प्लगमध्ये येतात. त्याआधी पिना मृत असतात. पावसात ओला प्लग हातात धरायला लोक घाबरतात, त्यांना हे आवर्जून सांगावं.

लोड मॅनेजमेंट करणारा कंट्रोलर एवढंच करतो: मेन केबलवर सीटी, म्हणजे करंट ट्रान्सफॉर्मरची कडी, बसवून प्रवाह मोजतो आणि प्रत्येक बॉक्सला टक्के कमी-जास्त करायला सांगतो. फेजमागे ३५ अँपिअर असतील तर एका फेजवर पाच गाड्या सात-सात अँपिअरने चालतात, तीन फेजवर पंधरा. त्यांचं भरलं की पुढच्या पंधरा. इथे एक चूक हमखास होते. सगळे बॉक्स सिंगल फेजचे असतात आणि वायरमन सोयीचं म्हणून दहा-बारा बॉक्स एकाच फेजवर टांगतो. मग आर फेज ट्रिप होते आणि वाय, बी या बाकीच्या दोन रिकाम्या राहतात. कुठला बॉक्स कुठल्या फेजवर आहे, हे बॉक्सवर रंगाच्या टेपने लिहून घ्या.

जोडणी घ्यायचे दोन मार्ग आहेत. एक, स्वतःच्या फ्लॅटच्या मीटरवरून केबल ओढणं. मीटर रूम तळमजल्यावर असलेल्या जुन्या इमारतीत पहिल्या दोन-तीन गाड्यांना हे सोपं जातं. दहाव्या केबलला ट्रे भरतो आणि भांडणं सुरू होतात. दुसरा, सोसायटीच्या नावावर चार्जिंगसाठी वेगळी जोडणी आणि प्रत्येक बॉक्सला सबमीटर. दुसऱ्या मार्गाचा खर्च आधी जास्त, पण मोठ्या सोसायटीला तोच योग्य. मुंबईत वीज कुठे बेस्टची, कुठे अदानीची, कुठे टाटा पॉवरची, तर भांडुप-मुलुंडला महावितरणची, पण नियम सगळ्यांना सारखे. फेब्रुवारी २०२४ मध्ये केंद्राने वीज ग्राहक हक्क नियमांत केलेल्या दुरुस्तीने चार्जिंगसाठी वेगळी जोडणी मागण्याचा हक्क दिला, आणि महानगरांत नवीन जोडणीची मुदत तीन दिवसांवर आणली. वाहिनी वाढवावी लागली तर वेळ जास्त लागतो. एप्रिल २०१८ मध्येच ऊर्जा मंत्रालयाने स्पष्ट केलं होतं की चार्जिंग ही सेवा आहे, ती वीजविक्री ठरत नाही. सभासदांकडून युनिटप्रमाणे पैसे घेतले तर आपण बेकायदा वीज विकतो का, हा कमिटीचा प्रश्न तिथेच मिटतो.

वॉचमनच्या केबिनमधल्या पॉइंटवरून एक्स्टेन्शन टाकून चार्ज करायची पद्धत मात्र ताबडतोब थांबवावी. पैसे सामाईक मीटरवर पडतात हा त्यातला लहान मुद्दा. पंखा-दिव्याच्या लाइनवर ती वायर असते, दीड स्क्वेअरची (म्हणजे दीड चौरस मिलिमीटर छेदाची), आणि तिच्यावर सलग पाच-सहा तास १० ते १३ अँपिअर चालतात. गीझरही १० अँपिअर घेतो, पण वीस मिनिटांत बंद होतो. सलग तासन्‌तास चालणारा प्रवाह ढिल्या स्क्रूला माफ करत नाही. आधी पिनेभोवतीचं प्लॅस्टिक पिवळं पडतं, मग तपकिरी, मग वास येतो. १६ अँपिअरचा चांगला इंडस्ट्रियल सॉकेट, निळा, गोल, झाकणाचा, त्याला ४ स्क्वेअरची स्वतंत्र कॉपर वायर आणि स्वतःचा ब्रेकर, एवढ्यात ३.३ किलोवॉटची सोय नीट होते. रोजच्या सहा युनिटांना हे साधारण दोन तास घेतं. बहुतेकांना ७.२ ची गरजच नाही, आणि कमिटीशी भांडायचं तर ३.३ साठी भांडावं असं माझं स्पष्ट मत आहे.

ज्याला ७.२ हवाच त्याने केबलचा हिशेब स्वतः करावा. ३२ अँपिअर आणि मीटर रूमपासून ६० मीटर अंतर धरू. जाण्या-येण्याची तार १२० मीटर. ६ स्क्वेअर कॉपरचा रोध किलोमीटरला ३.०८ ओहम, म्हणून एकूण ०.३७ ओहम, आणि ३२ अँपिअरला पावणेबारा व्होल्ट वाटेतच पडतात, पाच टक्के. पावणेचारशे वॉट केबल तापवण्यात जातात. तापली की रोध आणखी वाढतो. १० स्क्वेअर घेतली तर घट ७ व्होल्ट, तीन टक्के. १६ स्क्वेअरला साडेचार. म्हणून पंचवीस-तीस मीटरपर्यंत ६, त्यापुढे १०. कोटेशनमध्ये "६ स्क्वेअर" लिहिलेलं असतं, अंतर लिहिलेलं नसतं. अंतर लिहून मागा. ॲल्युमिनियम केबल स्वस्त पडते, पण एका आकाराने मोठी घ्यावी लागते आणि कॉपरच्या टर्मिनलला जोडताना बायमेटॅलिक लग (तारेच्या टोकाला बसवायचा दोन धातूंचा जोड) लागतो. साधा लग क्रिंप केला तर दोन पावसाळ्यांत सांध्यावर पांढरी पूड दिसते, आणि तो सांधा जळतो.

ब्रेकर दोन पोलचा ४० अँपिअरचा आरसीबीओ (जादा प्रवाह आणि अर्थकडची गळती, दोन्हींवर पडणारा), गळतीसाठी ३० मिलिअँपिअरचा. ३२ चा लावला तर मे महिन्यात बंद पेटीत तो तापून तासाभराने पडतो आणि लोक गाडीला दोष देतात. नुसता एमसीबी (फक्त जादा प्रवाहावर पडणारा) पुरत नाही, तो माणसाला वाचवत नाही. आरसीबीओवर टाइप बघा. एसी टाइपचा चालणार नाही, कारण गाडीच्या चार्जरमधून डीसीची गळती झाली तर तो आंधळा होतो. बॉक्समध्ये ६ मिलिअँपिअरची डीसी गळती ओळखण्याची सोय असेल तर ए टाइप, नसेल तर बी टाइप. दुकानात मागितल्याशिवाय बहुधा एसी टाइपच हातात ठेवतात.

आणि अर्थिंग. जुन्या इमारतीत चार्जिंग न होण्याचं पहिलं कारण हेच असतं. मल्टिमीटरने बघायचं: फेज-न्यूट्रल २३० च्या आसपास, फेज-अर्थ तेवढंच, न्यूट्रल-अर्थ लोड चालू असताना ३ व्होल्टच्या आत. न्यूट्रल-अर्थ १५-२० व्होल्ट दाखवत असेल तर गाडी चार्ज नाकारते आणि लाल दिवा देते. गाडीचं बरोबर असतं. यावर काही वायरमन एक उपाय करतात: सॉकेटच्या आत न्यूट्रल आणि अर्थला तारेचा तुकडा जोडतात. दिवा हिरवा होतो, गाडी चार्ज होते, सगळे खूश. पुढे कधी मागचा न्यूट्रल ढिला होऊन सुटला, की परतीचा प्रवाह त्या तुकड्यातून अर्थच्या तारेत येतो आणि गाडीचा सगळा पत्रा २३० व्होल्टवर जातो. ओल्या फरशीवर अनवाणी पायाने गाडी धुणारा माणूस दाराला हात लावतो. काम झाल्यावर सॉकेट उघडून स्वतःच्या डोळ्यांनी बघा. असा तुकडा दिसला तर जोडणी तिथेच बंद करा. चार्जिंगसाठी वेगळा अर्थ पिट (अर्थिंग जमिनीत पुरायचा खड्डा) करून घेणं हा नीट मार्ग आहे. रोध ५ ओहमच्या आत आहे असा मोजणीचा कागद घ्यावा, आणि पिटला उन्हाळ्यात पाणी घालायची जबाबदारी कुणाची तेही ठरवावं.

यांत्रिक पार्किंगवाल्यांची अडचण वेगळी. गाडी जिच्यावर उभी राहते ती लोखंडी फळी, म्हणजे पॅलेट, वर-खाली आणि बाजूला सरकतं, तिथे भिंतीवरून ओढलेली केबल तुटते. पॅलेटबरोबर हलणारी केबल आणि प्लग लागलेला असताना पॅलेट हलू न देणारा इंटरलॉक, हे दोन्ही ती यंत्रणा बनवणाऱ्यानेच बसवावं. बाहेरच्या वायरमनकडून कदापि करून घेऊ नये. त्यापेक्षा जमिनीवरची एक जागा सामाईक करून तिथे ७.२ चा एक बॉक्स लावणं सोपं. ४० युनिटांची बॅटरी असलेल्या गाडीला पाच दिवसांतून एकदा भरलं तरी चालतं. पाच दिवसांची साडेएकतीस युनिटं, म्हणजे साधारण साडेचार तास. रात्री एक गाडी आणि दिवसा एक, अशा एका बॉक्सवर दहा गाड्या निघतात. रात्री एकला उठून गाडी हलवायला कुणी येत नाही, म्हणून रात्रीत दोन गाड्यांची पाळी लावूच नका.

बॅटरी एलएफपीची (लिथियम आयर्न फॉस्फेटची) असेल तर आठवड्यातून एकदा १०० टक्के भरा. तिचं व्होल्टेज मधल्या सगळ्या पट्ट्यात जवळपास सपाट असतं, वरच्या टोकाला गेल्याशिवाय बीएमएसला नेमकं किती उरलं ते कळत नाही, आणि मग १५ टक्के दाखवत असलेली गाडी ईस्टर्न फ्रीवेवर अचानक ४ टक्क्यांवर येते. एनएमसी (निकेल-मँगनीज-कोबाल्टची) असेल तर रोज ८० टक्क्यांवर थांबावं, लांबच्या प्रवासालाच पूर्ण.

राहिला पाऊस. बॉक्स जमिनीपासून निदान सव्वा मीटर वर, आणि ज्या गल्लीत २६ जुलै २००५ ला पाणी भरलं होतं तिथे त्या खुणेच्याही वर. तेव्हाची खूण जुन्या वॉचमनला किंवा तळमजल्यावरच्या दुकानदाराला बरोबर ठाऊक असते. केबल बॉक्समध्ये खालून शिरावी, शिरण्याआधी तिला एक झोळ द्यावा म्हणजे पाणी तिथूनच ठिबकेल, आणि ग्लँड (केबल शिरते तिथे पाणी अडवणारं बूच) केबलच्या मापाचाच हवा. वरळी, वर्सोवा, कफ परेडसारख्या समुद्रालगतच्या इमारतींत पिनांवर हिरवट थर येतो. मेच्या शेवटच्या आठवड्यात एकदा मेन बंद करून टर्मिनलचे स्क्रू आवळावेत, प्लग कोरड्या ब्रशने साफ करावा, आरसीबीओचं टेस्ट बटण दाबून तो पडतो का बघावं.

गाडीच्या बॅटरीवर आयपी६७ लिहिलेलं असतं. त्याचा अर्थ एक मीटर स्वच्छ, स्थिर पाण्यात अर्धा तास, आणि तेही सील नवे असताना. गटाराच्या पाण्यात रात्रभर उभी राहिलेली गाडी त्यात बसत नाही. पाणी चढू लागलं तर आधी चार्जिंगचा मेन स्विच बंद करावा, मग प्लग काढावा, आणि जमलं तर गाडी वरच्या रस्त्यावर न्यावी. बुडून गेली असेल तर पाणी ओसरल्यावर स्टार्ट करून बघू नये, ढकलू नये, फ्लॅटबेडवर उचलून न्यावी आणि तोवर इतर गाड्यांपासून दूर, उघड्यावर ठेवावी. आत शिरलेलं पाणी दोन-तीन दिवसांनीही शॉर्ट करतं. सर्व्हिस सेंटरने हाय-व्होल्टेज बाजूचं इन्सुलेशन मोजून कागद दिल्याशिवाय त्या गाडीला प्लग लावायचा नाही.